फिगर स्केटिंगची कारकीर्द: पहिल्या बुटापासून प्रोटोकॉलच्या कागदापर्यंत

फिगर स्केटचं ब्लेड उलटं करून उजेडात धरा. जेमतेम ४ मिलिमीटर जाडीची पट्टी, तिच्या मधोमध लांबीभर एक बारीक पन्हळ आणि पन्हळीच्या दोन काठांच्या दोन धारा. अंगठ्याच्या बाजूची ती आतली धार, करंगळीच्या बाजूची ती बाहेरची. स्केटर ताठ उभा राहून घसरला तर दोन्ही धारा बर्फाला टेकतात आणि तो सरळ जातो. जरा कलला की एकच धार टेकते आणि वाट वळायला लागते. या खेळातली प्रत्येक उडी एका ठरलेल्या धारेवरून निघते आणि एका ठरलेल्या धारेवर उतरते. परीक्षक पुढे गुण कापतात तेही बरेचदा इथंच. म्हणून खाली बूट आणि धार आधी येतात, उड्या नंतर. कारकीर्दही त्याच क्रमाने बांधावी, असं आमचं ठाम मत आहे.

उदाहरणं सोयीसाठी मुलीची घेतली आहेत. मुलग्यांनाही तेच लागू.

वयाचा हिशेब

आंतरराष्ट्रीय स्केटिंग युनियनचा, म्हणजे आयएसयूचा, हंगाम १ जुलैला सुरू होतो आणि वय त्या तारखेला मोजतात. एकेरीत ज्युनियर गटासाठी १३ वर्षं पूर्ण हवीत आणि १९ पूर्ण झालेली नसावीत. सिनियरसाठी २०२४-२५ च्या हंगामापासून १७ पूर्ण हवीत. पूर्वी १५ पुरत. ती मर्यादा टप्प्याटप्प्याने वाढवायचं २०२२ मध्ये ठरलं. तेव्हा बाराव्या वर्षी ट्रिपल लुट्झ, म्हणजे हवेत तीन फेऱ्यांची अवघड उडी, आली तरी सिनियरचं दार सतरापर्यंत बंदच आहे. मधली पाच वर्षं गुडघे, घोटे आणि कंबर शाबूत ठेवून काढायची आहेत.

सुरुवात ५ ते ८ या वयात झाली तर उत्तम. दहाव्या वर्षीही चालते, फक्त मग आठवड्यातले तास जास्त लागतात. पहिलं वर्ष पुढे-मागे घसरणं, थांबणं, क्रॉसओव्हर (वळणावर एक पाय दुसऱ्यावरून टाकणं) आणि थ्री टर्न (एकाच पायावर पुढून मागे किंवा मागून पुढे वळणं) यांचं. दुसऱ्या वर्षी सिंगल, म्हणजे एका फेरीच्या, उड्या. त्यानंतर येते अ‍ॅक्सल. ती पुढे तोंड करून निघते आणि पाठमोरी उतरते, त्यामुळे हवेत दीड फेरी होते. अ‍ॅक्सल बसायला वर्षभर लागलं तरी घाबरू नका. डबल उड्यांची फिरण्याची पद्धत तिच्यातच शिकली जाते, म्हणून ती रेटून नेली तर सगळ्या डबल रेटलेल्याच निघतात.

बूट

वाढत्या अंगाचा फ्रॉक शिवतात तसा वाढत्या पायाचा बूट घेऊ नका. स्केटिंगमध्ये बूट अर्धा इंच मोठा असला तर टाच आत वर-खाली होते, मूल बोटांनी तळवा पकडून उभं राहतं आणि धारेवर कलणं कधीच शिकत नाही.

माप असं घ्या: टाच भिंतीला लावून कागदावर अनवाणी उभं करा, अंगावरचं वजन दोन्ही पायांवर सारखं ठेवा, सगळ्यात लांब बोटाच्या टोकाला खूण करा. दोन्ही पाय मोजा, मोठा पाय धरा. रोजच्या बुटाचा नंबर इथं चालत नाही. कंपनीच्या तक्त्यात सेंटिमीटरवरून नंबर पाहा. बहुतेकदा तो नेहमीपेक्षा एक-दीडने लहान येतो. पातळ मोजा घालून बूट चढवा. ताठ उभं राहिल्यावर बोटं पुढे हलकी टेकावीत, दुमडू नयेत. गुडघे वाकवले की ती किंचित मागे सरून मोकळी व्हावीत. मग टाचा उचलायला सांगा. आत पायाची टाच सुटत असेल तर तो बूट ठेवून द्या.

दुसरी चूक याच्या उलट आहे: लवकर पुढे जाईल म्हणून फार कडक बूट घेणं. बुटाचा कडकपणा वजनावर आणि उड्यांच्या पातळीवर ठरतो. २५-३० किलोच्या मुलीला ट्रिपल उड्यांसाठीचा बूट घातला तर घोटा वाकतच नाही, गुडघा पुढे जात नाही आणि ती मागे रेलून स्केट करते. उलट डबल उड्या मारणाऱ्या मुलीचा बूट मऊ पडला असेल तर घोट्यापाशी आडवी खोल घडी दिसते आणि उतरताना घोटा आत कोसळतो. जॅक्सन, एडिया, रिडेल, रिस्पोर्ट अशा सगळ्याच कंपन्या कडकपणाचे आकडे देतात, पण एकीचा आकडा दुसरीशी जुळत नाही. आकडा सोडा आणि बूट बांधून गुडघा पायाच्या बोटांच्या पुढे जातो का ते पाहा.

नवा बूट दुकानात गरम करून पायाच्या आकारावर बसवून घ्यावा. नंतर पहिल्या काही वेळा २०-३० मिनिटंच घाला आणि वरचे एक-दोन हूक मोकळे सोडा. बर्फावर साधारण १० तास होईपर्यंत उड्या नकोत. नाड्या तिन्ही ठिकाणी वेगळ्या ताणाने बांधतात: बोटांवर बेताच्या, पायाच्या वळणावर सगळ्यात घट्ट, आणि वरच्या हुकांपाशी एक बोट आत जाईल इतक्या सैल. बहुतेक मुलं नेमकं उलट करतात. वर आवळतात, मधे सैल सोडतात आणि मग पोटरीला कळ येते.

दुखणं कुठे आहे त्यावरून कारण सापडतं. घोट्याच्या पुढच्या बाजूला दुखत असेल तर जीभ सरकली आहे किंवा वळणापाशी नाडी एकाच जागी रुतते आहे. टाचेच्या मागे गाठ येत असेल तर टाच घसरते आहे. घोट्याच्या हाडावर सूज असेल तर बूट त्या जागी आतून ताणून फुगवून घ्यावा लागतो. तोवर मधे भोक पाडलेला फोम लावावा, म्हणजे दाब हाडावर न पडता भोवती पडतो. हाडावर थेट गादी लावली तर दाब वाढतो.

अमेरिकेत नवशिक्यांचा ब्लेडसकट जोड २०० डॉलरच्या आत मिळतो. स्पर्धेच्या पातळीवर बूट आणि ब्लेड वेगवेगळे घ्यावे लागतात आणि दोन्ही मिळून हजार डॉलरच्या वर जातात. रोज ट्रिपल मारणारी मुलगी वर्षभरात बूट मोडते. वाढत्या वयात पाय त्याआधीच मोठा होतो. हा खर्च पहिल्याच वर्षी वहीत मांडून ठेवा.

ब्लेड आणि धार

ब्लेड आधी मोजक्या तात्पुरत्या स्क्रूंनी, लांबट भोकांतून बसवतात, म्हणजे ते आडवं सरकवता येतं. मुलीला एका पायावर सरळ रेषेत, काही न करता घसरू द्या. ती सारखी आतल्या बाजूला वळत असेल तर ब्लेड एक-दोन मिलिमीटर आतल्या बाजूला सरकवा आणि पुन्हा पाहा. हे जमल्यावरच बाकीचे स्क्रू घट्ट करा. त्यानंतर आठवड्यातून एकदा सगळे स्क्रू पेचकसाने तपासा. तळवा चामड्याचा असेल तर तो लाखेने बंद केलेला हवा. पाणी मुरलं की भोकं सैल होतात आणि एके दिवशी उडीतून उतरताना ब्लेड हलतं.

धार लावताना कारागिराला पन्हळीची त्रिज्या सांगावी लागते. फिगर स्केटिंगला बहुधा ७/१६ किंवा १/२ इंच ठेवतात. त्रिज्या लहान तेवढी पन्हळ खोल आणि धार बर्फात जास्त रुतते. मोठी तेवढी पन्हळ उथळ आणि घसरण लांब. जी मानवली ती बदलू नका, कारागीरही शक्यतो बदलू नका. साधारण २० ते ४० तास स्केटिंग झालं की धार लावायची वेळ येते. थांबताना पाय बाजूला निसटू लागला किंवा लुट्झच्या वळणावर पकड सुटू लागली, तर तासांची वाट पाहू नका.

धार लावून आल्यावर दोन गोष्टी तिथंच पाहा. एक, दोन्ही धारांवर एक नाणं आडवं ठेवा. नाणं ब्लेडशी काटकोनात बसलं पाहिजे. ते एका बाजूला झुकलं तर एक धार उंच आणि एक खाली आहे, आणि मुलगी पुढचे तीन आठवडे ‘माझी लुट्झ बिघडली’ म्हणून रडणार आहे. दोन, टो पिक, म्हणजे ब्लेडच्या पुढचे दाते. सगळ्यात खालचा दाता घासला गेला असेल तर स्पिनचा तोल आणि टो लावून मारायच्या उड्या दोन्ही बदलतात. दात्याला हात लावायचा नाही, हे कारागिराला आधीच बजावून सांगा.

बर्फावरून उतरल्यावर ब्लेड आणि बुटाचा तळ कोरड्या फडक्याने पुसा, कापडी कव्हर चढवा आणि घरी ते काढून हवेशीर ठेवा. प्लॅस्टिकचं कव्हर फक्त चालताना वापरायचं. त्यात ओलं ब्लेड रात्रभर राहिलं की गंज चढतो. कव्हर न घालता सिमेंटवर चार पावलं टाकली तरी धार लावण्याचे पैसे वाया जातात.

धार घडवणं

प्रत्येक सत्राची पहिली १५ मिनिटं, कितीही वरच्या पातळीवर गेलं तरी, धारांनाच द्यावीत. रिंकवरची एखादी लांब रेषा धरा आणि तिच्यावर एकेका पायाने अर्धवर्तुळं काढत जा: पुढे बाहेरच्या धारेवर, पुढे आतल्या, मागे बाहेरच्या, मागे आतल्या. प्रत्येक अर्धवर्तुळ रेषेवरच संपलं पाहिजे आणि सगळी एका मापाची हवीत.

मग मुलीला मागे वळून स्वतःची खूण पाहायला लावा. बर्फ खोटं बोलत नाही. एकच बारीक, स्वच्छ रेघ म्हणजे धार खरी. जवळजवळ दोन समांतर रेघा दिसल्या तर ती कललीच नव्हती, नुसती वळली होती. ढकलायच्या जागी ठिपके खोदलेले दिसले तर ती ब्लेडच्या कडेऐवजी दात्यांनी ढकलते आहे. थ्री टर्नचं टोक वर्तुळाच्या आत वळलेलं आणि टोकदार हवं. तिथं खरवडल्यासारखा भाग दिसला तर खांदे वळायच्या आधी पाय वळला आहे. रिंकवर बर्फ नव्याने घासून गुळगुळीत केल्यावरची पहिली दहा मिनिटं या कामासाठी सोन्याची असतात, कारण तेव्हा दुसऱ्या कुणाच्या रेघा मधे येत नाहीत.

पडायला पहिल्या दिवशीच शिकवा. गुडघे वाकवून कुशीवर बसायचं, हात मागे टेकायचे नाहीत, बर्फावर असताना मुठी मिटलेल्या ठेवायच्या, म्हणजे कुणाचं ब्लेड बोटांवरून जाणार नाही. पडल्यावर लगेच उठायचं. ज्याचं संगीत चालू आहे त्याला वाट द्यायची.

उड्या आणि त्यांची किंमत

उड्या सहा. डावीकडे फिरणाऱ्या स्केटरसाठी: टो लूप उजव्या पायाच्या मागच्या बाहेरच्या धारेवरून, डाव्या टोच्या आधाराने. सालकॉव डाव्याच्या मागच्या आतल्या धारेवरून. लूप उजव्याच्या मागच्या बाहेरच्या धारेवरून, टोशिवाय. फ्लिप डाव्याच्या मागच्या आतल्या धारेवरून, उजव्या टोने. लुट्झ डाव्याच्या मागच्या बाहेरच्या धारेवरून, उजव्या टोने. आणि अ‍ॅक्सल डाव्याच्या पुढच्या बाहेरच्या धारेवरून. उतरतात सगळ्या उजव्याच्या मागच्या बाहेरच्या धारेवर.

फ्लिप आणि लुट्झ यांत फरक फक्त धारेचा आहे. लुट्झमध्ये वाट एका दिशेने वळत असते आणि फिरायचं असतं उलट्या दिशेने. म्हणून शेवटच्या क्षणी शरीर सोपी वाट शोधतं आणि पाय बाहेरच्या धारेवरून आतल्या धारेवर घसरतो. सिंगल लुट्झमध्ये हे कुणी पाहत नाही. ट्रिपलमध्ये तांत्रिक पॅनेल, म्हणजे घटक तपासणारे अधिकारी, व्हिडिओ थांबवून पाहतं.

आता किंमत. २०२५-२६ च्या तक्त्यात ट्रिपल टो लूपला ४.२०, सालकॉवला ४.३०, लूपला ४.९०, फ्लिपला ५.३०, लुट्झला ५.९० आणि ट्रिपल अ‍ॅक्सलला ८.०० मूळ गुण आहेत. परीक्षक त्यावर −५ ते +५ असा दर्जा देतात आणि दर्जाची एक पायरी म्हणजे मूळ गुणांचे १० टक्के. धार चुकली तर मूळ गुण ८० टक्क्यांवर येतात. म्हणजे चुकीच्या धारेची ट्रिपल लुट्झ ४.७२ ची, आणि परीक्षकांनी −२ दिले तर ०.९४ वजा होऊन ३.७८. स्वच्छ ट्रिपल टो लूप हिच्यापेक्षा जास्त देते! पडलं तर आणखी वाईट: दर्जा −५ म्हणून २.९५ गेले, पडण्याचा १ गुण गेला, हाती उरले १.९५. स्वच्छ डबल अ‍ॅक्सलला ३.३० मिळतात.

अपुऱ्या फेरीचंही असंच. नेमकी पाव फेरी कमी पडली तर मूळ गुण राहतात पण दर्जा घसरतो. पावपेक्षा जास्त आणि अर्ध्यापेक्षा कमी अपुरी असेल तर मूळ गुण ८० टक्के. अर्धी किंवा त्याहून जास्त अपुरी असेल तर ट्रिपल डबल म्हणून मोजली जाते. घरी तपासायला पॅनेल लागत नाही: उतरल्याच्या खुणेच्या सुरुवातीला हुकासारखा छोटा बाक किंवा खरवड दिसली तर फेरी बर्फावर पूर्ण झाली आहे, हवेत नाही.

ट्रिपल उडी हवेत असते सुमारे ०.६ सेकंद. तेवढ्यात तीन फेऱ्या, म्हणजे सेकंदाला पाच. उंची वाढवून हे फारसं साधत नाही. साधतं ते हात छातीशी आणि पाय एकमेकांवर किती लवकर घट्ट मिटले यावर. म्हणून आधी जमिनीवर: उंच उडी मारून उजव्या पायावर सरळ उतरणं, मग एक फेरी, मग दोन. जमिनीवर दोन फेऱ्या स्वच्छ बसल्याशिवाय बर्फावर ट्रिपलचा हट्ट नको. दोरीच्या हार्नेसचा उपयोग फिरण्याचा अंदाज यावा एवढ्यापुरता. हार्नेसमध्येच महिना-दीड महिना काढला तर मुलगी स्वतः वर उठायचं विसरते.

एकच सोपी ट्रिपल पुन्हा पुन्हा मारून गुण गोळा करता येत नाहीत. १९८२ च्या जागतिक स्पर्धेत एलेन झायाक हिने चार ट्रिपल टो लूप मारून विजेतेपद घेतलं, तेव्हापासून पुनरावृत्तीवर मर्यादा आली आणि नियमाला तिचंच नाव पडलं. म्हणून टो लूप आणि सालकॉव दोनच पक्क्या असलेली मुलगी फ्री स्केटमध्ये, म्हणजे स्पर्धेतल्या दोनपैकी लांब कार्यक्रमात, अडकते. अ‍ॅक्सल सोडून पाचही प्रकार सारखे वाढवा.

स्पिन आणि पावलं

नवशिके पालक इकडे दुर्लक्ष करतात आणि गुण इथं सांडतात. चौथ्या, म्हणजे सगळ्यात वरच्या, पातळीच्या पाय बदलून केलेल्या कॉम्बिनेशन स्पिनला (एकाच स्पिनमध्ये अनेक स्थिती) मूळ ३.५० गुण आहेत, डबल अ‍ॅक्सलपेक्षा जास्त. चौथ्या पातळीच्या फूटवर्कला, म्हणजे पावलांच्या रचनेला, ३.९०. दोन्हींत पडण्याची भीती फार कमी. मात्र नियम काटेकोर आहेत. सिट स्पिनमध्ये, म्हणजे बसून फिरताना, मांडी निदान बर्फाला समांतर हवी आणि कोणतीही स्थिती मोजली जायला निदान दोन फेऱ्या टिकली पाहिजे. सरावात मोठ्याने फेऱ्या मोजा. मनात मोजलेली आठवी फेरी व्हिडिओत सातवी निघते.

आठवडा, शरीर, औषधं

पहिली दोन वर्षं आठवड्याला २-३ सत्रं पुरतात. डबल सुरू झाल्या की ४-५ दिवस, दिवसाला एक-दोन तास. ज्युनियर पातळीवर दिवसाला ४५-६० मिनिटांची दोन-तीन सत्रं आणि बाहेरचा व्यायाम. बर्फावर जाण्यापूर्वी १५-२० मिनिटं दोरीवरच्या उड्या आणि अंग मोकळं करणं, उतरल्यावर ताण देणं. एक पूर्ण दिवस विश्रांती, हे काटेकोर.

उतरताना पायावर शरीराच्या वजनाच्या पाच-आठ पट भार येतो. म्हणून उड्या वहीत मोजा. वाईट सरावातली साठावी उडी शिकवत काही नाही, हाड मात्र झिजवते. मुलगी झपाट्याने उंच होऊ लागली की जमलेल्या उड्या दोन-चार महिने हरवतात. हातापायांची लांबी आणि वजनाचा मध्य बदललेला असतो. त्या काळात उड्या निम्म्या करा, स्पिन आणि धारा वाढवा. कंबरेत एका जागी, मागे वाकल्यावर वाढणारं दुखणं दोन आठवडे टिकलं तर क्रीडावैद्यक तज्ज्ञाकडे जा. पाठीच्या मणक्याच्या हाडाला ताणाने चीर पडणं या खेळात सर्रास आढळतं. पाळी तीन महिने चुकली तरीही डॉक्टरांकडे जा. ‘व्यायामामुळे होतं’ म्हणून सोडू नका, खाणं कमी पडल्याची ती खूण असू शकते. मुलीचं वजन रिंकवर, इतरांसमोर कुणी करत असेल तर ते थांबवा. शिकवणी नेहमी पालकांच्या नजरेच्या टप्प्यात हवी.

औषधांबाबत आपल्या घरांत एक सवय आहे: खोकल्याला कुणी दिलेली पुडी, शक्तीला कुणी सांगितलेलं चूर्ण. आंतरराष्ट्रीय पातळीवर शरीरात काय सापडलं याची जबाबदारी खेळाडूचीच असते. रशियन स्केटर कमिला वालियेवाच्या २५ डिसेंबर २०२१ च्या नमुन्यात ट्रायमेटाझिडीन हे बंदी असलेलं हृदयाचं औषध सापडलं, तेव्हा ती १५ वर्षांची होती. जानेवारी २०२४ मध्ये तिच्यावर चार वर्षांची बंदी आली. घटक छापलेले नसलेलं काहीही पोटात जाऊ देऊ नका आणि छापलेले असतील तर वाडाच्या, म्हणजे जागतिक उत्तेजकविरोधी संस्थेच्या, यादीशी ताडून पाहा.

हंगाम आणि कार्यक्रम

आयएसयूची ज्युनियर ग्रांप्री ही स्पर्धामालिका ऑगस्टपासून, सिनियर ग्रांप्री ऑक्टोबरपासून, जागतिक स्पर्धा मार्चमध्ये. म्हणून नवे बूट आणि नवी रचना दोन्ही एप्रिल-मेमध्ये. स्पर्धेच्या सहा आठवडे आधी बूट बदलणं म्हणजे हंगाम पणाला लावणं.

२०२५-२६ च्या नियमांनुसार शॉर्ट प्रोग्रॅम २ मिनिटं ४० सेकंदांचा, सिनियर फ्री स्केट ४ मिनिटांचा, ज्युनियर साडेतीनचा, दोन्हीकडे १० सेकंदांची सूट. शॉर्टमध्ये सात घटक ठरलेले: तीन उड्या, तीन स्पिन, एक फूटवर्क. शॉर्टमधल्या शेवटच्या उडीला आणि फ्रीमधल्या शेवटच्या तीन उड्यांना, त्या उत्तरार्धात आल्या तर, मूळ गुणांवर १० टक्के जास्त मिळतात. मोहात पडून अवघड उड्या शेवटी ढकलू नका. सरावात संपूर्ण कार्यक्रम सलग पाचदा करा आणि शेवटची उडी किमान चारदा उभी राहिली तरच ती तिथं ठेवा. शब्द असलेलं गाणं एकेरीत २०१४-१५ पासून चालतं. गाण्याचे हक्क आधीच तपासा.

महाराष्ट्रातून आणि परदेशातून

पुण्या-मुंबईत खरी सोय चाकांची आहे, बर्फाची नाही. पुढे रबरी स्टॉपर असलेल्या इनलाइन (एका रांगेत चाकं) किंवा क्वाड (दोन-दोनच्या जोडीने चार चाकं) स्केट्सवर फिरणं, उडीची वेळ आणि स्पिनचा तोल शिकता येतो आणि तो बर्फावर कामाला येतो. धारेवर खोल कलणं आणि लांब घसरण मात्र चाकांवर येत नाही. थांबणंही नव्याने शिकावं लागतं. त्यामुळे वर्षातून तीन-चारदा १०-१५ दिवसांचं सलग बर्फावरचं शिबिर करा. अधूनमधून एक दिवस जाऊन आल्याने पाय बर्फाला सरावत नाहीत. शिमल्याचा १९२० पासूनचा रिंक उघड्यावरचा, नैसर्गिक बर्फाचा, फक्त हिवाळ्यात चालणारा. गुरुग्रामच्या मॉलमधला पूर्ण मापाचा नाही. देहरादूनला महाराणा प्रताप स्पोर्ट्स कॉलेजमधला रिंक २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धेसाठी बांधलेला, बरीच वर्षं बंद राहून २०२५ मध्ये पुन्हा सुरू झाला. स्पर्धेचं पूर्ण माप ६० बाय ३० मीटर असतं. लहान रिंकवर बसवलेला कार्यक्रम तिथं विखुरतो, म्हणून पूर्ण मापावर निदान एक शिबिर हवंच. नोंदणी आइस स्केटिंग असोसिएशन ऑफ इंडियाकडे.

देशाला जागतिक स्पर्धेत निदान एक जागा मिळू शकते, पण खेळाडूने त्याआधी मान्यताप्राप्त आंतरराष्ट्रीय स्पर्धेत आयएसयूने ठरवलेले किमान तांत्रिक गुण मिळवलेले हवेत. अमेरिकेत सराव करणारी तारा प्रसाद २०२५ मध्ये हार्बिनच्या आशियाई हिवाळी स्पर्धेत भारताकडून उतरली. टोरांटो किंवा न्यू जर्सीत वाढणाऱ्या मराठी मुलींच्या पालकांनी एक गोष्ट लवकर ठरवावी: ऑलिंपिकसाठी ज्या देशाकडून उतरायचं त्या देशाचं नागरिकत्व लागतं आणि ओसीआय (परदेशस्थ भारतीयांचं) कार्ड म्हणजे नागरिकत्व नव्हे. कॅनडात सुरुवात कॅनस्केटपासून, अमेरिकेत लर्न टू स्केटपासून. दोन्हीकडे सामूहिक वर्गात वर्षभर राहू द्या, खाजगी कोचची घाई नको.

स्पर्धेचा दिवस आणि नंतर

बॅगेत: जास्तीच्या नाड्यांचा जोड, पेचकस, कोरडं फडकं, सुई-दोरा, संगीताची दुसरी प्रत. ड्रेसचा मणी किंवा पीस बर्फावर पडला तर एक गुण जातो, म्हणून ड्रेस घालून आधी पूर्ण कार्यक्रम एकदा करून पाहा. सराव-फेरी सहा मिनिटांची असते. पहिलं मिनिट नुसतं घसरणं, मग सोप्या उडीपासून वर, अवघड उडी जास्तीत जास्त तीनदा, शेवटच्या मिनिटात एक स्पिन आणि श्वास. नाव पुकारल्यावर ३० सेकंदांत सुरुवातीच्या जागी उभं राहायचं.

निकालानंतर प्रोटोकॉलचा, म्हणजे घटकागणिक गुण लिहिलेला, कागद उतरवून घ्या आणि क्रमांक पाहायच्या आधी घटकांचा रकाना वाचा. उडीच्या नावाशेजारी ‘ई’ असेल तर धार चुकली, उद्गारचिन्ह असेल तर संशयास्पद होती, डावीकडे टोक असलेला कोन असेल तर फेरी अपुरी, दोन कोन असतील तर उडी एक फेरी खाली उतरवली. स्पिनपुढचा आकडा चारऐवजी दोन असेल तर कोणती स्थिती दोन फेऱ्या टिकली नाही ते व्हिडिओत शोधा. मग त्या कागदावरच्या तीन सगळ्यात महागड्या खुणा वहीत लिहा आणि पुढच्या सत्राची पहिली १५ मिनिटं त्यांतल्या धारेच्या खुणेसाठी राखून ठेवा.